मोजणीच्या पुस्तकातील खेळकर प्राणी

(पिंपळे गुरव येथील स्मृती व्याख्यानमालेतील व्याख्यानाचा मुद्रित पाठ)

लहान मुलांना मोजायला शिकवणाऱ्या चित्रपुस्तकात प्राणी इतक्या मोठ्या संख्येने का असतात, आणि ते शांत उभे न राहता नेहमी उड्या का मारत असतात, लोंबकळत का असतात, एकमेकांच्या अंगावर का चढत असतात, हा प्रश्न वरवर बाळबोध वाटला तरी त्याचे उत्तर शोधताना गणित, मानसशास्त्र, चित्रकला आणि भाषा या चारही क्षेत्रांतून जावे लागते. मोजणीचे चित्रपुस्तक म्हणजे ज्याच्या प्रत्येक पानाला किंवा समोरासमोरच्या दोन पानांना एक संख्या नेमून दिलेली असते, त्या पानावर तितक्याच वस्तू किंवा जीव काढलेले असतात, आणि सोबत अंक व संख्येचे नाव छापलेले असते, असे साधारण दोन ते सहा वर्षांच्या मुलांसाठीचे पुस्तक. अशा पुस्तकातील प्राण्यांचा खेळ हा मुलाला आकर्षित करण्यासाठी वरून लावलेला मुलामा आहे, असा समज पालकांत, शिक्षकांत आणि काही प्रकाशकांतही आढळतो. प्रस्तुत व्याख्यानाचे प्रतिपादन याच्या उलट आहे. नीट रचलेल्या पुस्तकात प्राण्यांचा खेळ हाच गणिताचा पाठ असतो, आणि मराठी मुलाला तो पाठ त्याच्या भाषेत आणि त्याच्या परिसरातील प्राण्यांसह मिळणे ही आता टाळता न येणारी गरज आहे.

मराठी घरांत मुलाच्या हाती पडणारे मोजणीचे पहिले पुस्तक पिढ्यान्‌पिढ्या एकच राहिले आहे, ते म्हणजे अंकलिपी. जून महिन्यात शाळेजवळच्या स्टेशनरीच्या दुकानात वह्यांच्या गठ्ठ्यांशेजारी दोरीला अडकवलेली, चकचकीत मुखपृष्ठाची आणि आतल्या पातळ कागदावर रंग थोडे सरकलेली ही पुस्तिका आजही विकली जाते. तिच्यात आधी स्वर-व्यंजने, मग बाराखडी, मग एक ते शंभरची उजळणी आणि शेवटी पाढे असतात. जुन्या अंकलिप्यांत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी, म्हणजे पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड, अडीच आणि साडेतीन यांचेही पाढे असत. धूळपाटीवर बोट फिरवत आणि एका सुरात म्हणत शिकवणाऱ्या पंतोजींच्या शाळेचा हा वारसा असून त्याचे ध्येय संख्या मुखोद्गत करणे हे होते. कॅलक्युलेटर नसलेल्या काळातील बाजारव्यवहारासाठी ते ध्येय पूर्णपणे शहाणपणाचे होते, आणि आधुनिक शिक्षणाच्या नावाखाली पाठांतराची हेटाळणी करणे हे या परंपरेवर अन्याय करणारे आहे.

तरीही अंकलिपीतील प्राण्यांकडे बारकाईने पाहिले तर एक गोष्ट ध्यानात येते. अक्षरांच्या पानांवर प्राणी भरपूर असतात, परंतु ते तेथे अक्षराचे नोकर म्हणून उभे असतात; ह साठी हत्ती, म साठी मोर, स साठी ससा, प्रत्येक आपल्या चौकटीत एकटा. संख्यांच्या पानावर बहुधा प्राणी नसतातच, आणि असले तर रबरी शिक्का ओळीने उमटवावा तसे हुबेहूब एकसारखे, एकाच दिशेला तोंड केलेले, समान अंतरावर मांडलेले असतात. अशा ओळीवर बोट ठेवून मूल एक, दोन, तीन म्हणते तेव्हा ते म्हणण्याचा सराव करते. मोजण्याचा सराव करतेच असे नाही.

म्हणणे आणि मोजणे यांतील हा फरक रॉशेल गेलमन आणि सी. आर. गॅलिस्टेल या दोन अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी १९७८ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात पाच तत्त्वांच्या रूपाने मांडला. पहिले तत्त्व एकास-एक संगतीचे, म्हणजे प्रत्येक वस्तूला एक आणि एकच संख्यानाम द्यायचे, कोणतीही वस्तू वगळायची नाही आणि दोनदा धरायची नाही. दुसरे स्थिर क्रमाचे, म्हणजे संख्यानामे प्रत्येक वेळी त्याच क्रमाने म्हणायची. अंकलिपी हे तत्त्व उत्तम शिकवते. तिसरे गणसंख्येचे, म्हणजे शेवटी उच्चारलेले नाव हे केवळ शेवटच्या वस्तूचे नसून संपूर्ण समूहाचे माप आहे, ही जाण. चौथे अमूर्ततेचे, म्हणजे काहीही मोजता येते, आणि वेगवेगळ्या जातींच्या वस्तूही एकत्र मोजता येतात. पाचवे क्रमनिरपेक्षतेचे, म्हणजे मोजायला कोठूनही सुरुवात केली तरी उत्तर बदलत नाही.

यांपैकी तिसरे तत्त्व सर्वांत अवघड असून ते आत्मसात व्हायला मुलाला पुष्कळ महिने लागतात. दहापर्यंत न अडखळता म्हणणाऱ्या अडीच-तीन वर्षांच्या मुलाला समोरच्या चार बाहुल्या मोजायला सांगितल्या तर ते अचूक मोजते, आणि मग 'किती आहेत?' असे विचारले की 'चार' असे उत्तर न देता पुन्हा पहिल्यापासून मोजू लागते. कारण त्याच्या लेखी 'किती' हा मोजण्याचा हुकूम असतो, मोजणीच्या निष्पत्तीविषयीचा प्रश्न नसतो. कॅरेन विन या संशोधिकेने १९९० च्या सुमारास 'मला इतके दे' या साध्या चाचणीतून दाखवले की अशी मुले तीन खेळणी मागितली असता मूठभर उचलून देतात. प्रत्येक अंगणवाडी सेविकेला आणि प्रत्येक आजीला हे दृश्य परिचित आहे, मात्र त्याकडे मुलाची चूक म्हणून पाहिले जाते. वस्तुतः ती संख्या समजण्याच्या वाटेवरची एक पायरी आहे.

प्राण्यांच्या खेळाचे प्रयोजन नेमके येथे स्पष्ट होते. प्राणी हा मुलाच्या दृष्टीने निर्विवादपणे 'एक' असतो. पाण्याला कडा नसते, वाळूची रास वाढते-घटते, झाडाची फांदी कोठे संपते हे सांगता येत नाही. परंतु कुत्र्याचे पिल्लू स्वतःच्या इच्छेने हलते आणि हलले तरी तेच पिल्लू राहते. स्वित्झर्लंडचे मानसशास्त्रज्ञ जाँ पियाजे यांनी १९४१ च्या आपल्या ग्रंथात ज्या अडचणीचे वर्णन केले, तिच्यावर हा गुणधर्म उपयोगी पडतो. सारख्याच संख्येच्या सोंगट्यांच्या दोन ओळी मांडून त्यांपैकी एक पसरवली की सहा-सात वर्षांखालील पुष्कळ मुले पसरलेल्या ओळीत सोंगट्या जास्त आहेत असे सांगतात. मांडणी बदलली तरी संख्या बदलत नाही, या जाणिवेला संख्येची अक्षय्यता म्हणतात. आता एखाद्या पुस्तकात डाव्या पानावर पाच पिल्ले एकमेकांवर रेलून झोपली आहेत आणि उजव्या पानावर तीच पाच पिल्ले अंगणभर उधळली आहेत, असे चित्र काढले, तर सोंगट्यांच्या प्रयोगाचा आशय मुलापुढे गोष्टीच्या रूपाने येतो. सोंगट्या कोणीतरी सरकवल्या होत्या. पिल्ले स्वतः पळाली, आणि पळण्याने पाचाची सहा होत नाहीत, हे मुलाला घराच्या दारातच ठाऊक झालेले असते. प्राणी खेळतात म्हणूनच त्यांची मांडणी बदलते, आणि मांडणी बदलते म्हणूनच न बदलणारी संख्या दिसू लागते.

खेळातून आणखी एक सूक्ष्म काम साधते. पिंपळाच्या खोडावर चार खारी काढल्या. तीन पूर्ण दिसतात, आणि चौथीची केवळ शेपटी खोडामागून डोकावते. मूल आधी तीन म्हणते, मग थबकते, शेपटीवर बोट ठेवते आणि ही मोजायची का, याचा विचार करू लागते. मोजण्याआधी 'एक' कशाला म्हणायचे हे ठरवावे लागते, हा गणिताच्या मुळाशी असलेला निर्णय ते मूल त्या शेपटीपाशी स्वतः घेते. एकसारख्या हत्तींच्या ओळीत असा थांबा कधीच येत नाही.

येथे एक सावधगिरीही नोंदवणे आवश्यक आहे, कारण खेळकरपणाच्या नावाखाली सध्या बाजारात पुष्कळ गोंगाट विकला जातो. २०१० साली टारे, चिऑंग, गानेआ आणि डिलोश या संशोधकांनी दाखवले की ओढायच्या, उघडायच्या, उभ्या राहणाऱ्या भागांच्या पुस्तकांतून लहान मुले साध्या चित्रांच्या पुस्तकांपेक्षा कमी शिकतात. हात भागांशी खेळण्यात गुंततो आणि आशय मागे पडतो. पीटरसन आणि मॅकनील यांचा २०१३ चा निष्कर्ष तर अधिक थेट आहे. मोजायला दिलेल्या वस्तू रंगीबेरंगी, तपशीलदार आणि मुलाला आधीपासून परिचित असल्या, तर त्या मोजताना त्याच्या चुका वाढतात, कारण ती वस्तू त्याच्यासाठी मोजण्याचा घटक न राहता खेळणे होऊन बसते. याचा अर्थ प्राणी काढू नयेत असा होत नाही. खेळ प्राण्यांच्या मांडणीत, हालचालीत आणि परस्परसंबंधांत असावा. टोप्या, चष्मे, चमकी आणि पार्श्वभूमीवरच्या फुलाफुग्यांच्या गर्दीत नसावा, असा त्याचा अर्थ आहे. या कसोटीवर आज दुकानांत मिळणारी जाड पुठ्ठ्याची अनेक झगमगीत पुस्तके उतरत नाहीत, हे स्पष्टपणे सांगितले पाहिजे.

जगभरातील उत्तम पुस्तकांनी ही कसोटी वेगवेगळ्या मार्गांनी पार केली आहे. एरिक कार्ल यांच्या १९६८ च्या 'वन, टू, थ्री टू द झू' या शब्दविरहित पुस्तकात आगगाडीच्या एकेका डब्यातून वाढत्या संख्येने प्राणी जातात आणि पानाच्या तळाशी छोट्या चित्रात गाडी डब्याडब्याने लांबत जाते, त्यामुळे मुलाला आताच्या पानावरची संख्या आणि आतापर्यंतची वाटचाल एकाच वेळी दिसते. चेन्नईच्या तारा बुक्सने काढलेल्या 'वन, टू, ट्री!' मध्ये दुर्गाबाई व्याम या गोंड चित्रकर्तीने निरनिराळ्या आकारांच्या प्राण्यांना एकाच झाडात सामावून घेतले आहे, आणि त्यातले झाड प्राण्यांबरोबर वाढते. परंतु या परंपरेतील सर्वांत विचारपूर्वक केलेले पुस्तक जपानचे मित्सुमासा आनो यांचे आहे. १९७५ साली प्रथम निघालेल्या त्यांच्या मोजणीच्या पुस्तकाची सुरुवात एकापासून होत नाही. पहिल्या चित्रात बर्फाने झाकलेला रिकामा प्रदेश आहे आणि ते शून्याचे पान आहे. त्यानंतर त्याच जागी एकेक घर, झाड, माणूस, जनावर वाढत जाऊन बारापर्यंत गाव वसते, आणि त्याबरोबर ऋतूही फिरतात. शून्याला दशमान लेखनात अंकाचे स्थान देणाऱ्या भारतात मोजणीची बहुतेक पुस्तके एकापासून सुरू व्हावीत, ही खेदाची गोष्ट आहे.

महाराष्ट्रात या विचाराला पोषक अशी भूमी फार पूर्वी तयार झाली होती. गिजुभाई बधेका यांच्यासह १९२६ साली नूतन बालशिक्षण संघाची उभारणी करणाऱ्या ताराबाई मोडक यांनी १९४५ मध्ये बोर्डी येथे ग्राम बाल शिक्षा केंद्र सुरू केले, आणि अनुताई वाघ यांच्या साथीने ते कार्य पुढे कोसबाडच्या टेकडीवर नेले. मॉन्टेसरी पद्धतीची महागडी साधने बाजूला ठेवून बिया, शिंपले, खडे, पाने अशा परिसरातल्या वस्तूंनी मोजणी शिकवण्याचा त्यांचा आग्रह होता. शाळेत येऊ न शकणाऱ्या गुराखी मुलांसाठी त्यांनी चालवलेली कुरणशाळा तर या विषयाच्या दृष्टीने विशेष महत्त्वाची आहे. ज्या मुलाला संध्याकाळी सगळी गुरे परत आणायची असतात, त्याच्यासाठी प्राणी मोजणे ही करमणूक नसून जबाबदारी असते, आणि एक वासरू कमी भरले तर 'किती' या शब्दाचा अर्थ त्याला कोणी समजावून सांगावा लागत नाही. चित्रपुस्तकातील प्राणी मोजणाऱ्या शहरी मुलाला ही निकड लाभत नाही. म्हणून पुस्तकाने ती गोष्टीतून निर्माण करायची असते. सहा पिल्लांपैकी एक दिसेनासे झाले आहे, ते कोठे गेले, एवढा धागा त्यासाठी पुरतो.

चित्रपुस्तक या वाङ्मयप्रकाराला मराठीत प्रतिष्ठा मिळवून देण्यात ज्योत्स्ना प्रकाशनाचा आणि माधुरी पुरंदरे यांच्या लेखन-चित्रणाचा वाटा मोठा आहे. २००४ मध्ये स्थापन झालेल्या प्रथम बुक्स या संस्थेने आणि तिने २०१५ मध्ये सुरू केलेल्या स्टोरीवीव्हर या खुल्या व्यासपीठाने मराठीसह अनेक भारतीय भाषांत स्वस्त आणि विनामूल्य पुस्तके उपलब्ध करून दिली. तरीही या पुस्तकसंभारात मोजणीचे, तेही मराठी संख्यानामांच्या रचनेचा विचार करून केलेले चित्रपुस्तक दुर्मिळच आहे. दुसऱ्या भाषेतील पुस्तकाचे शब्द बदलून ही उणीव भरून निघणार नाही, कारण मराठी संख्यानामांची अडचण स्वतंत्र आहे.

ही अडचण २०१९ साली महाराष्ट्रभर गाजली. बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात एकवीस, बावीस या जुन्या नावांबरोबर 'वीस एक', 'वीस दोन' असे वाचन सुचवण्यात आले, तेव्हा त्यावर वृत्तपत्रांत टीका झाली आणि विधिमंडळातही चर्चा झाली. गणित समितीच्या अध्यक्षा डॉ. मंगला नारळीकर यांची भूमिका अशी होती की मराठीत एकक आधी उच्चारला जातो आणि दशक नंतर, लिहिताना मात्र दशक आधी येतो, शिवाय जोडाक्षरांनी भरलेली ही नावे मुलांना जड जातात. भाषेच्या अभिमानाने झालेली टीका समजण्यासारखी होती, पण नारळीकरांनी दाखवलेली अडचण खरी होती, आणि तिची थट्टा करून ती नाहीशी होणारी नव्हती. चित्रपुस्तकाला या वादात पडण्याचे कारण नाही. ते नावे न बदलताही अडचण कमी करू शकते.

उदाहरणार्थ एकोणीस हा आकडा घ्यावा. मराठीत एकोणीसपासून एकोणनव्वदपर्यंतची अशी आठ नावे पुढच्या दशकातून एक वजा करून तयार झाली आहेत. एकोणीस म्हणजे विसाला एक कमी. नव्व्याण्णव मात्र या रीतीतून निसटते. मूल अठरानंतर अडखळते ते येथेच, कारण नावात वीस येऊ लागतात आणि अंक मात्र अजून दहाच्या घरातला असतो. आता तारेवर चिमण्या बसल्या आहेत, तारेवर वीस जागा सारख्या अंतराने दिसतात, एकोणीस जागांवर चिमण्या आहेत आणि विसावी चिमणी खाली अंगणात दाणा टिपते आहे, असे पान काढले, तर नावामागची वजाबाकी मुलाला डोळ्यांनी दिसते. पान उलटल्यावर ती चिमणी उडून तारेवर येते आणि वीस पूर्ण होतात. आणखी मोठ्या संख्यांसाठी दहा-दहा चिमण्यांच्या तारा एकाखाली एक काढल्या की एकवीस म्हणजे दोन भरलेल्या तारा आणि तिसरीवर एक, हे उच्चाराचा क्रम कोणताही असला तरी स्पष्ट होते. मराठी मोजणीचे पुस्तक दहावर थांबू नये, निदान विसापर्यंत जावे, या आग्रहामागे हे कारण आहे.

पिंपळे गुरवसारख्या ठिकाणी या गरजेला आणखी एक पदर आहे. पिंपरीत १९५४ मध्ये हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना स्थापन झाला, १९६२ मध्ये महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ अस्तित्वात आले, आणि पुढे भोसरीपासून चाकणपर्यंत कारखाने पसरत गेले, तसतशी पवना नदीकाठची ही शेतीची गावे मराठवाडा, खानदेश, विदर्भ आणि परप्रांतांतून आलेल्या कामगारांची वस्ती झाली. एकाच अंगणवाडीत मराठी, अहिराणी, हिंदी आणि कन्नड कानांवर घेऊन आलेली मुले शेजारी बसतात. भाषांची अशी सरमिसळ मराठी मोजणीला नवी नाही. विटीदांडूतील वकट, लेंड, मूंड, नाल ही जुनी मोजणी तेलुगू संख्यानामांशी उघड नाते सांगते. नवी अडचण अंकांची आहे. घरातल्या मोबाइलवर, इमारतीच्या लिफ्टमध्ये आणि सेमी-इंग्रजी वर्गाच्या गणितात मूल आंतरराष्ट्रीय अंक पाहते, मराठीच्या पुस्तकात देवनागरी. देवनागरीतला एक हा इंग्रजी नऊसारखा दिसतो, आणि चार वर्षांच्या मुलाने त्या दोहोंत गल्लत केली तर त्यात त्याचा दोष नाही. दोन्ही लिपींतले अंक एकाच पानावर छापून त्यांच्या शेजारी एकच म्हैस उभी केली, तर ती म्हैस दोन्ही चिन्हांची साक्षीदार ठरते.

म्हैस हे उदाहरण मुद्दाम घेतले आहे. अनुवादित पुस्तकांतून येथील मुले पेंग्विन, पांडा आणि कांगारू मोजतात, आणि ते त्यांनी मोजू नयेत असे कोणी म्हणणार नाही. पिंपळे गुरवच्या राजमाता जिजाऊ उद्यानातील डायनासोरच्या प्रतिकृतींमुळे ते उद्यान डायनासोर गार्डन म्हणूनच ओळखले जाते, आणि तेथे येणारी मुले कोट्यवधी वर्षांपूर्वी नष्ट झालेले प्राणी आनंदाने मोजतात. परंतु पुस्तक मिटल्यावर मोजणी थांबू नये अशी इच्छा असेल, तर पुस्तकातला प्राणी दाराबाहेरही भेटला पाहिजे. पवनेच्या काठी म्हशी आणि त्यांच्या पाठीवरचे बगळे, इमारतींच्या कठड्यावरची कबुतरे, गल्लीतल्या कुत्रीची पिल्ले, बाभळीखालच्या शेळ्या हे सारे येथे आहेत. तीन म्हशी आणि दोन बगळे मिळून पाच, या एका चित्रातून भिन्न जाती एकत्र मोजण्याचे चौथे तत्त्वही येऊन जाते.

असे पुस्तक करणे अवघड नाही. सोळा पानांचा एक फॉर्म आणि आठ पानांचा अर्धा फॉर्म मिळून चोवीस पाने होतात. एक ते दहासाठी समोरासमोरची पाने घेतली की वीस पाने लागतात. उरलेल्या चारांत शीर्षक, श्रेयनामे आणि शून्याचे रिकामे अंगण बसते. विसापर्यंत जाणाऱ्या पुस्तकाला पुढच्या संख्या एकेका पानावर घेऊन आणखी अर्धा-पाऊण फॉर्म पुरतो. खर्च वाढतो तो चार रंगांच्या छपाईमुळे आणि कमी प्रतींमुळे, आणि प्रतींची संख्या वाढवणे हे सार्वजनिक संस्थांच्या हातात आहे.

वाचण्याची रीतही सोपी आहे, मात्र ती उलट केली जाते. केली मिक्स आणि सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये दाखवले की आधी समूहाची संख्या सांगून लगेच तो मोजून दाखवला तर मुलाला गणसंख्येचे तत्त्व लवकर उमगते. नुसते मोजणे किंवा नुसते संख्येचे नाव घेणे यांचा तसा उपयोग होत नाही. म्हणून वाचणाऱ्याने 'मोज बरं' असा हुकूम देण्याआधी 'या बघ तीन शेळ्या' असे म्हणावे, मग एकेकीवर बोट ठेवून एक, दोन, तीन मोजावे, आणि मुलाने उलट्या टोकाकडून मोजायला घेतले तर त्याला अडवू नये. पाळीवरून थकून आलेल्या आईवडिलांनाही यासाठी दहा मिनिटे पुरतात.

एकात्मिक बालविकास योजना २ ऑक्टोबर १९७५ रोजी सुरू झाली आणि अंगणवाडी महाराष्ट्राच्या वस्तीवस्तीत पोहोचली; राष्ट्रीय शैक्षणिक धोरण २०२० ने तीन ते आठ वर्षे हा शिक्षणाचा पायाभूत टप्पा मानला, आणि ५ जुलै २०२१ रोजी सुरू झालेल्या निपुण भारत अभियानाने वाचनाबरोबर संख्याज्ञानालाही प्राधान्य दिले. धोरण झाले आहे, यंत्रणा उभी आहे, चित्रकार आणि मुद्रक पुण्यात व पिंपरी-चिंचवडमध्ये आहेत. महानगरपालिकेने, प्रकाशकांनी आणि या परिसरातील उद्योगांच्या सामाजिक निधीने एकत्र येऊन शून्यापासून विसापर्यंतचे, दोन्ही लिपींतील अंकांचे आणि पवनाकाठच्या प्राण्यांचे एक मराठी पुस्तक काढावे, त्याची एक प्रत अंगणवाडीच्या कपाटात कुलूपबंद न ठेवता चटईवर ठेवावी आणि दुसरी मुलाबरोबर घरी पाठवावी, अशी या व्यासपीठावरून त्यांना विनंती आहे.